सरड्यांच्या बेटावरचा शुक्रवार

सकाळी आठ वाजता नाल्याच्या दोन्ही काठांवर दोन-तीनशे माणसं स्वेटर-मफलर घालून कुडकुडत उभी असायची आणि मधल्या बेटावर शेषगिरी महाराज उघडेबंब बसलेले असायचे. इथपर्यंतचा चमत्कार तर फुकटच होता.

सत्त्याऐंशी सालचा जानेवारी. अंबरनाथ एमआयडीसीच्या मागे, बदलापूरच्या अंगाला, नाला दोन फाट्यांनी एका काळ्या खडकाला वळसा घालतो. तो खडक म्हणजे बेट. लांबीला दोन बैलगाड्या उभ्या राहतील एवढं. पूर्वेला टेकडी असल्यामुळे साडेदहापर्यंत तिथे ऊन पोचत नाही. अशा सावलीत महाराज शंख फुंकायचे आणि खडकाच्या फटींतून दरबार भरायला लागायचा. आधी सापसुरळ्या, मग सरडे, एखादी धामण आणि शेवटी मानाची घोरपड. सगळे महाराजांभोवती पोट टेकून पसरायचे.

"हा सरडा," महाराज बोट दाखवून सांगायचे, "गेल्या जन्मी मामलेदार होता."

"रंगावरून वाटतंच," गर्दीतलं कुणीतरी म्हणायचं.

"ही घोरपड माझी थोरली बहीण. हिनं जीभ लावली की नागाचं विषसुद्धा उतरतं. जवळ या, खडकाला हात लावा. ही ऊब कशाची? बारा वर्षं हिमालयात केलेल्या तपाची."

लोक हात लावायचे. खडक खरंच गरम असायचा. पुढे बोलायची सोयच उरायची नाही.

मी तेव्हा एमआयडीसीतल्या एका कारखान्यात टाइमकीपर होतो. कोण कधी आला, कोण का आला नाही, हे लिहिणं माझं काम. त्या महिन्यात रजेच्या अर्जांवर 'कारण : दर्शन' असं इतक्यांदा वाचलं, की मी शिक्का करून घेण्याच्या विचारात होतो. कामगारांची तक्रार एकच होती.

"साहेब, आपली सुट्टी शुक्रवारी आणि महाराजांचं मौनही शुक्रवारीच. मग खाडा केल्याशिवाय दर्शन होणार कसं?"

"देवाची मर्जी," मी म्हणायचो आणि अर्ध्या दिवसाचा पगार कापायचो. वीज वाचवायला एमआयडीसी शुक्रवारी बंद असते. देवाला वीज कशाला वाचवायची होती, हे विचारायचं मला सुचलं नाही. ते सुचलं आमच्या शेजारच्या वृंदाबाईंना.

वृंदाबाई हेंद्रेपाड्यात आमच्या समोरच्या घरात राहायच्या आणि शाळेत विज्ञान शिकवायच्या. गुरुवारी त्या प्रयोगशाळेतला तापमापक पदराखाली घेऊन दर्शनाला गेल्या. संध्याकाळी मला म्हणाल्या, "काठावरचा दगड सोळा अंश, बेटावरचा छत्तीस. सरडे शंखासाठी येत नाहीत हो. त्यांचं अंग आपल्यासारखं आतून तापत नाही. थंडीत जिथे ऊब मिळेल तिथे ते जाऊन पडतात. प्रश्न एवढाच, की सावलीत खडक तापतो कसा. उद्या मौन आहे, तिथे कुणी नसेल. येताय का बघायला?"

शुक्रवारी सकाळी आम्ही गेलो. कुणी नसेल असं वाटलं होतं, पण बेटापाशी काहीतरी ऐकून जमलेली तीस-चाळीस माणसं होती, आणि नेहमीसारखी चिडीचूप नव्हती. बारवीकडच्या वाडीतली ठमी आपल्या नऊ वर्षांच्या तुळशीला खडकावर निजवून बसली होती. पेंढा काढताना पोरीला पायाला साप चावला होता. पाय घोट्यापासून पोटरीपर्यंत सुजून जांभळा पडला होता. ठमीचा नवरा सुकऱ्या महाराजांच्या काठावरच्या झोपडीचं दार ठोकत होता.

"कुठला साप?" बेटावर चढून वृंदाबाईंनी विचारलं.

"घोणस," ठमी म्हणाली. "म्या सोता पायली. येळ झाला बाय, सूर्य उगवायच्या आदी चावली."

घोणस म्हटल्यावर मला थंडी वाजायची थांबली. वृंदाबाईंनी घड्याळ पाहिलं. आठ वाजून दहा मिनिटं झाली होती.

"उल्हासनगरच्या सरकारी दवाखान्यात लस आहे. आत्ता निघालो तर अर्ध्या-पाऊण तासात पोचू. उचल तिला."

"थांबा बाई," एक मफलरवाले गृहस्थ म्हणाले. "इथे दोघं जण बरे झालेत. मी माझ्या डोळ्यांनी पाहिलंय."

"त्यांना कुठला साप चावला होता?"

"नाल्यातला होता."

"म्हणजे दिवड. तिला विषच नसतं. ते दोघं तुम्ही नुसता वारा घातला असता तरी बरे झाले असते."

तेवढ्यात झोपडीचं दार उघडलं. इतकी माणसं बघून महाराजांचा चेहरा उतरला. त्यांनी तोंडावर बोट ठेवून मौनाची खूण केली. सुकऱ्यानं त्यांच्या पायांवर डोकं ठेवलं.

"म्हाराज, येकच पोर हाय. घोरपडीला हाक मारा."

काठावरून लोकही म्हणू लागले, "महाराज, जिवाचा प्रश्न आहे. मौन सोडा." भक्त जमवणं सोपं असतं, त्यांना परत पाठवणं अवघड. महाराज बेटावर आले आणि त्यांनी शंख फुंकला.

काहीच झालं नाही.

पुन्हा फुंकला. एका फटीतून एका सापसुरळीनं डोकं काढलं, बाहेरची हवा पाहिली आणि ती पुन्हा आत गेली. तुळशीच्या हिरड्यांतून रक्त यायला लागलं होतं. ठमी ते पदरानं पुसत होती. पुसलं की पुन्हा यायचं.

"परीक्षा बघतात," महाराज म्हणाले. "पोरीवर कुणाची तरी नजर आहे. साडेदहापर्यंत धीर धरा."

"साडेदहापर्यंत ती राहणार नाही," वृंदाबाई म्हणाल्या. त्यांचा आवाज चढला नव्हता, म्हणूनच मला भीती वाटली. "सुकऱ्या, तू ऐक."

सुकऱ्या ऐकेना. "बाय, तुमी शाळंच्या. देवाच्या मदी नका बोलू. पोरीला हलवलं नि देव कोपला, तं तुमी आनून देनार कं माजी पोर?"

काठावरच्या चार-पाच जणांनी माना डोलावल्या. दोघे वृंदाबाईंच्या आडवे उभे राहिले. मी टाइमकीपर, माझी हयात लोकांना गेटावर अडवण्यात गेली होती, पण अडवणाऱ्यांना कसं अडवायचं ते मला ठाऊक नव्हतं.

वृंदाबाई ठमीशेजारी खाली बसल्या. त्यांनी सुकऱ्याचा नाद सोडला आणि ठमीला विचारलं, "थंडीच्या दिवसांत घोरपड कुठे सापडते गं?"

ठमीनं त्यांच्याकडे पाहिलं. हे ज्ञान तिला आईच्या पाठुंगळीवर असल्यापासूनचं. "उनाच्या खडकावं. गार खडकावं कशाला येल ती?"

"मग या खडकाला हात लावून बघ."

ठमीनं पोरीच्या डोक्याखालचा हात काढून खडकावर ठेवला. मग दुसरा ठेवला. मग ती महाराजांकडे वळली.

"ह्यो गार हाय," ती म्हणाली. "म्हाराज, ह्यो आज गार कं?"

"आज शुक्रवार," महाराज घाईघाईनं म्हणाले, "आज बॉयलर..."

वाक्य तिथेच थांबलं. पण काठावर निम्मे लोक कारखान्यात काम करणारे होते. बॉयलर म्हणजे काय हे त्यांना हिमालयापेक्षा जास्त माहीत होतं.

ठमीनं कुणाला काही विचारलं नाही. पोरीला उचललं आणि ती पाण्यात उतरली. सुकऱ्या "अगं, अगं" करत मागे. आडवे उभे राहिलेले दोघे बाजूला झाले. शुक्रवार असल्यानं एमआयडीसीच्या रस्त्यावर रिक्षांचा पत्ता नव्हता. काठावर एक सिंधी रिक्षावाला झोपडीच्या दाराला हार घालायला आला होता. त्यानं हार झुडपावर टाकला.

"बैठो माई. पाँव मत हिलने दो उसका."

पुढचा रस्ता मला आठवत नाही. वृंदाबाई पोरीला झोपू देत नव्हत्या, एवढं आठवतं. "तुळशी, सातचा पाढा म्हण." आणि बारीक आवाजात, "सात दुणे चौदा, सात त्रिक एकवीस." सात सख्खं बेचाळीसला ती थांबली तेव्हा समोर दवाखान्याचं फाटक होतं.

दुपारी आम्ही परत बेटावर आलो. झोपडी रिकामी होती. बेटाच्या वरच्या टोकाला भगव्या झेंड्याचा चौथरा होता, तो चार कामगारांनी हलवला. खाली बिडाचा जुना पाइप निघाला. बॉयलरचं गरम पाणी या पाइपातून खडकाखालून नाल्यात जात होतं. सकाळी सातला सुरू, आठपर्यंत खडक गरम. शुक्रवारी कारखाना बंद, पाइप कोरडा. पाइप आमच्याच कारखान्याचा होता. बॉयलरवर पूर्वी कोण कोण होतं ते बघायला मी जुनं हजेरीबुक काढलं. महिपती, बॉयलर हेल्पर, ब्याऐंशी ते चौऱ्याऐंशी. न सांगता गैरहजर, म्हणून नाव कमी केलं होतं. अक्षर माझंच. दाढी सोडली तर महाराजांना मी दोन वर्षं रोज सकाळी पाहिलेलं होतं.

तुळशी अठरा दिवस दवाखान्यात राहिली. दोन रात्री डॉक्टरही काही सांगायला तयार नव्हते. ती वाचली. पायाची करंगळी गेली.

घरी न्यायच्या दिवशी सुकऱ्या वृंदाबाईंना म्हणाला, "बाय, देवानंच तुमाला धाडलं."

"असेल," त्या म्हणाल्या. "पण मी अर्धा तास उशिरा आले असते तर?"

उत्तर ठमीनं दिलं. "म्या घोरपडी धरत मोठी झाले," ती म्हणाली. "गार खडकावं ती येत नाय, ह्ये मला ठावं हुतं. तरी म्या हात लावून बघाया कुनी सांगायची वाट बघितली."

मला यापेक्षा वेगळं काही सांगायचं नाही. साप चावला तर पाय हलवू नका, चिरू नका, आवळून बांधू नका, सरळ दवाखाना गाठा. आणि कुणी चमत्कार दाखवला तर हात जोडण्याआधी तोच हात लावून बघा. आपल्याला जे माहीत आहे, त्यावर विश्वास ठेवायला कुणाची परवानगी लागत नाही.