बाकावरचे

“यंदा ते नाटक नको, सर. हात जोडतो तुम्हाला.”

क्रीडा संचालक खरोखरच हात जोडून उभे होते आणि सर खुर्चीवर बसून चेंडूंत हवा भरत होते. साहित्याच्या खोलीत जेमतेम दोघांपुरती जागा होती. बाकीची जागा फाटक्या जाळ्या, क्रिकेटवाल्यांनी टाकून दिलेले पॅड आणि एक मोडकं वजनयंत्र यांनी अडवली होती. विद्यापीठात फुटबॉलचे प्रशिक्षक म्हणून सरांना नोकरी लागली तेव्हा ही खोली ‘तात्पुरती’ म्हणून मिळाली होती. आता निवृत्ती तोंडावर आली होती आणि खोली अजूनही तात्पुरतीच होती.

“कसलं नाटक?” पंपावरून नजर न उचलता सरांनी विचारलं.

“माहितीये तुम्हाला. शेवटच्या दहा मिनिटांत त्या मॅनेजरला गोलमध्ये उभं करायचं. फायनल आहे आज, सर. बाकी सगळं तुमच्या मनासारखं करा, पण एवढं एक ऐका.”

“बरं झालं सांगितलंत, साहेब. फायनल आहे ते मला कुठून कळणार!”

संचालक सरांचाच जुना विद्यार्थी. एरवी सर त्याला अरे-तुरे करत. ‘साहेब’ म्हणाले की समजायचं, पारा चढलाय.

ज्याला ते नाटक म्हणत होते तो सरांचा नियम होता. वर्षाच्या शेवटच्या सामन्यात, शेवटच्या वर्षात असलेला आणि सगळे दिवस बाकावर काढलेला खेळाडू शेवटची दहा मिनिटं मैदानात उतरणार. सामना कुठलाही असो, गोल कितीही असोत. ज्यानं तीन वर्षं पहाटे उठून घाम गाळला त्याला एकदा तरी मैदानाच्या आतून प्रेक्षक कसे दिसतात ते कळायला हवं, असं सरांचं म्हणणं. यात वाद घालण्यासारखं काय आहे, हे त्यांना कधीच समजलं नाही, आणि यात समजण्यासारखं काय आहे, हे विद्यापीठाला.

“मी कप्तान होतो त्या वर्षी,” संचालक म्हणाले. “एक-शून्यनं पुढे होतो आपण. तुम्ही त्या वर्षीच्या राखीव पोराला आत पाठवलंत. त्यानं घाबरून मागे पास दिला तो थेट आपल्याच जाळ्यात. मग जादा वेळात दुसरा गोल बसला. अजून झोपेत दिसतो मला तो चेंडू. हातातोंडाशी आलेला घास होता, सर. तुम्ही दान करून टाकलात.”

“दान करायला तो काय माझ्या बापाचा होता?” सरांनी पंप आदळला. “झालं तुझं? मग जा. पाहुणे येतील, त्यांच्या खुर्च्या बघ.”

संचालक गेले. सरांनी पुढचा चेंडू घेतला आणि पाहतात तो नळीच्या तोंडाशी फट. म्हणजे इतका वेळ हवा जितकी आत तितकीच बाहेर जात होती. त्यांना इतका संताप आला की पंप खिडकीबाहेर भिरकावून द्यावासा वाटला. पण दुसरा पंप नव्हता. त्यांनी चिकटपट्टी गुंडाळली आणि पुन्हा सुरुवात केली.

त्या एका पासापायी सरांनी फार ऐकून घेतलं होतं. कॅन्टीनमध्ये त्यांचं नाव पडलं ‘उपविजेते सर’. संघ त्यांनी चांगले घडवले, चार वेळा अंतिम सामन्यापर्यंत नेले आणि चारही वेळा दुसऱ्यांनी कप उचलला तेव्हा टाळ्या वाजवल्या. प्रशासकीय इमारतीच्या दारातच काचेचं कपाट होतं. त्यात क्रिकेटचे कप होते, पोहण्याचे होते, बुद्धिबळाचेसुद्धा होते. म्हणजे बसून खेळणाऱ्यांनीही जिंकलं होतं आणि जन्मभर पळणाऱ्यांची फळी तेवढी रिकामी. तिथे कुणीतरी पाण्याचा जग ठेवायला लागलं होतं. सरांनी तक्रार केली की तो हलायचा आणि आठवड्याभरात परत यायचा. शेवटी सरांनीच त्या दाराने जाणं सोडलं.

घरीही वेगळं काही नव्हतं. त्यांची लेक पाहुण्यांना सांगायची, “बाबांना माझी इयत्ता विचारा, चुकीची सांगतील. संघातल्या मुलांच्या बुटांचे नंबर विचारा, घडाघडा म्हणतील.” आता तिलाच एक मुलगी होती आणि सरांना तिचीही इयत्ता सांगता येत नव्हती. आज सकाळी निघताना बायको दारात आली. मोजे हातात देत म्हणाली, “जिंकलात तर कप नीट धरा हो. नाहीतर तोही कुणा बाकावरच्याच्या हातात ठेवून याल.”

ती चेष्टा करत होती. सरांना मात्र ते लागलं. कारण त्यांना कप हवा होता. हे त्यांनी कधी कुणापाशी बोलून दाखवलं नव्हतं. जिंकणं-हरणं महत्त्वाचं नाही, असं दर वर्षी नव्या मुलांना सांगून सांगून तेच वाक्य तोंडात बसलं होतं. पण आज शेवटचा सामना होता. उद्यापासून ते कुणाचेच सर नव्हते, आणि एकदा तरी, फक्त एकदा, तो कप हातात धरून बघावा अशी त्यांना हाव सुटली होती. त्या हावेची लाज वाटत होती आणि लाज वाटते म्हणून आणखी चीड येत होती.

दुपारी मैदानावर आले तर पदवीदान समारंभाच्या मांडवाचे खड्डे तसेच. माती टाकून घ्या म्हणून पंधरवडाभर सांगत होते, पण पालथ्या घड्यावर पाणी. त्यांनी स्वतःच फावडं मागवलं. तेवढ्यात प्रेक्षकांच्या पायऱ्यांवरून हाक आली.

“सर, द्या इकडं, मी करतो.”

तो विमा एजंट होता. तोच तो, मागे पास देणारा. आता पोट सुटलेलं, केस मागे गेलेले. पण शेवटच्या सामन्याला सगळ्यांत आधी तोच हजर असायचा. त्याच्याबरोबर एक दातांचा डॉक्टर, एक अग्निशमन दलातला, एक बसचालक असे पंधरा-वीस जण पायऱ्यांच्या एका टोकाला बसत. सगळे कधी ना कधी बाकावर बसलेले. स्वतःला ते ‘बाकावरचे’ म्हणवत. त्या वर्षीचा राखीव खेळाडू आत जाऊ लागला की सगळे उठून उभे राहत आणि त्याचा पाय रेषेच्या आत पडला की टाळ्या वाजवत. कप्तान झालेल्यांपैकी कुणी मैदानाकडे फिरकत नसे. हे मात्र न चुकता येत.

एजंटनं फावड्यानं माती चोपली आणि खालच्या आवाजात म्हणाला, “सर, यंदा नाही पाठवलंत तरी चालेल. आम्ही समजून घेऊ. माझ्यामुळं तुम्हाला काय काय ऐकावं लागलं, ते ठाऊक आहे मला.”

“गप बस,” सर म्हणाले. “तो आत जाणार. त्याच्या घरी कळवलंय मी.”

हाही त्यांचा रिवाज होता. सामन्याच्या आदल्या दिवशी ते त्या खेळाडूच्या घरी स्वतः फोन करत. यंदाचा राखीव होता गोलकीपर. बाटल्या भरणं, पायांना पट्ट्या बांधणं, बस कधी सुटणार ते सगळ्यांना सांगणं, सगळं तो करी, म्हणून पोरांनी नाव ठेवलं मॅनेजर. करायचं राहिलं होतं ते फक्त खेळणं. पहिल्या गोलकीपरला तीन वर्षांत साधी सर्दीसुद्धा झाली नव्हती. मॅनेजरची आई रुग्णालयाच्या धुलाई विभागात चादरींना इस्त्री करायची. आज ती ठेवणीतली साडी नेसून, बहिणीला बरोबर घेऊन आली होती आणि चुकून दुसऱ्या संघाच्या लोकांत जाऊन बसली होती. सरांनी तिला उठवून आपल्या बाजूला आणलं.

“मला यातलं काही कळत नाही हो,” ती ओशाळून म्हणाली. “आमचा आत गेला की तेवढं मला सांगायला सांगा कुणालातरी.”

“शेवटी शेवटी जाईल तो. त्या तिथे, दोन खांबांच्या मध्ये उभा राहील. तुम्हाला आपोआप दिसेल.”

सामना सुरू झाला. पहिल्याच अर्ध्या तासात कॉर्नरवरून आलेला चेंडू आपल्या उंच बचावपटूनं डोक्यानं आत ढकलला आणि मैदान दणाणून गेलं. त्यानंतर मात्र जीव टांगणीला. मध्यंतरानंतर तर प्रतिस्पर्ध्यांनी मुक्कामच आपल्या गोलपुढे ठोकला. सर रेषेवर उभे राहून ओरडून ओरडून घसा बसवून घेत होते. पंच आंधळा, वारा उलटा, पोरं बहिरी. संचालक पाहुण्यांच्या रांगेतून उठून सरांच्या मागे येऊन उभे राहिले. त्यांचा श्वास सरांच्या मानेवर लागत होता.

दहा मिनिटं उरली. मॅनेजरनं जॅकेट काढून घडी करून बाकावर ठेवलं. हातमोजे चढवले. तीन वर्षं तेच हातमोजे, आणि अजून नव्यासारखे. सर म्हणाले, “चल.” तो रेषेपाशी जाऊन उभा राहिला. पायऱ्यांवर बाकावरचे उठून उभे राहिले.

त्याच क्षणी समोरच्यांचा एक फटका आपल्या खांबावर आदळला आणि बचावपटूच्या पायाला लागून बाहेर गेला. सरांच्या तोंडचं पाणी पळालं.

“बदल करायचा ना?” फलक घेऊन उभ्या असलेल्या पंचानं विचारलं.

“थांबा जरा. एवढा कॉर्नर होऊ द्या.”

बरोबरच होतं ते. ऐन कॉर्नरच्या वेळी गोलकीपर बदलत नाहीत, हे शेंबडं पोरही सांगेल. कॉर्नर गेला. चेंडू पुन्हा बाहेर आला तेव्हा पहिला गोलकीपर नेमका बचावाची रांग लावत होता. “थांबा जरा,” सर म्हणाले. मग एक फ्री-किक. मग आपला एक जण पाय धरून बसला, तेव्हा करता आलं असतं, पण तेवढ्यात तो उठला. दर वेळी काहीतरी कारण होतं आणि दर वेळचं कारण खरं होतं. खरी कारणं अशी एकापाठोपाठ एक मिळत गेली की सरांना ‘नाही’ म्हणावंच लागलं नाही. मॅनेजर जागच्या जागी उड्या मारत राहिला. आधी जोरात, मग हळूहळू. मग नुसताच उभा राहिला. पायऱ्यांवर बाकावरचे उभेच होते. सरांनी एकदा तिकडे पाहिलं. पुन्हा नाही पाहिलं.

लांब शिट्टी झाली.

पोरांनी सरांना खांद्यावर घेतलं. संचालक मिठी मारून रडले. ‘विजेते सर, विजेते सर’ असा घोष झाला. कप हातात आला तेव्हा तो अपेक्षेपेक्षा हलका निघाला आणि बुडाला कुणाच्यातरी घामाचा चिकट हात लागलेला होता. सरांनी तो वर धरला. छायाचित्रकार म्हणाला, “हसा ना, सर.” त्यांनी हसायचा प्रयत्न केला.

मॅनेजर बाटल्यांचा क्रेट घेऊन आला. त्यानं आधी सरांच्या हातात पाणी दिलं, मग हातमोजे काखेत धरून म्हणाला, “अभिनंदन, सर.” सरांचा चेहरा बघून तोच म्हणाला, “जाऊ द्या, सर. कॉर्नरच होता ना. मीसुद्धा नसतं पाठवलं.” आणि क्रेट उचलून तो पुढच्याकडे गेला.

पायऱ्यांवरचे एव्हाना पांगले होते. हस्तांदोलनाला त्यांच्यातला एकच आला, विमा एजंट. त्यानं सरांचा हात दोन्ही हातांत धरला, पण नजर सरांच्या गळ्यातल्या पदकावर.

“बरं केलंत, सर. तेव्हाही असंच करायला हवं होतं तुम्ही.”

तसं नाही रे, असं सरांना ओरडून सांगायचं होतं. तेव्हा मी चुकलो नव्हतो, तूही चुकला नव्हतास, जे काही बरोबर केलं ते तेवढंच केलं. पण गळ्यात पदक घालून हे कसं सांगणार? त्यांना स्वतःचाच एवढा राग आला की डोळ्यांत पाणी उभं राहिलं, आणि आजूबाजूच्यांना वाटलं, म्हाताऱ्याला आनंद झालाय. एजंट मान हलवून निघून गेला.

तेवढ्यात कुणीतरी हलकेच बाहीला हात लावला. मॅनेजरची आई होती. बहीण जरा मागे उभी होती.

“सर, विचारू का एक? आमचा कधी जाणार आत?”

सरांनी गळ्यातलं पदक सदऱ्याच्या आत सारलं.

“नाही, मघाशी असेच सगळे बाहेर आले होते, मग परत सुरू झालं. म्हणून म्हटलं, विचारून घ्यावं,” ती म्हणाली. “मी दिवसभराची रजा टाकलीय. उशीर झाला तरी काही नाही.”

सरांच्या हातातला कप तिला आत्ता दिसला.

“अगंबाई, बक्षीस मिळालं वाटतं! तुमची गडबड दिसतेय. चालू द्या तुमचं, आम्ही बसतो तिकडं.”

ती बहिणीला घेऊन परत पायऱ्यांकडे गेली. पदर सावरून, पर्स मांडीवर ठेवून, त्या दोन खांबांकडे तोंड करून बसली. तिथे शिडी लावून माळी जाळी सोडवत होता.