दारं लावायचा दिवस

चेकच्या केसमध्ये फिर्यादी तारखेला उभा राहिला नाही, की आरोपी निर्दोष सुटू शकतो. त्याने पैसे घेतले होते का, हा प्रश्न तसाच राहतो. पेणच्या कोर्टात इतकी वर्षं काळा कोट घालून फिरते, पण याचा माझा संताप काही जात नाही.

बेंजामिनकाकांचं तेच झालं. ते रोह्याचे. त्यांच्या आळीत एकेकाळी बेने इस्राएली, म्हणजे कोकणातल्या ज्यू लोकांची बरीच घरं होती, आता त्यांचं एकट्याचं उरलंय. मुलगा नथानियल इस्राएलला, बायको हन्ना देवाघरी. शेजारच्या घरात वाढलेल्या रमेशला टेम्पो घ्यायला हन्नाकाकूंनी आपल्या बांगड्या मोडून पैसे दिले होते. रमेश पेणला रामवाडीत गेला, एकाचे तीन टेम्पो झाले. परतफेडीचा चेक मात्र वटला नाही.

आणि तारीख पडली ती नेमकी काकांच्या मोठ्या उपासाची. त्या दिवशी हे लोक दारं लावून घेतात, पाण्याचा थेंब घेत नाहीत, देवाकडे वर्षभराची माफी मागतात. बाहेरच्या माणसाशी बोलायचं नाही, फोनही बंद. दुसऱ्या दिवशी शिळा सण. दारं उघडायची, माणसांना जेवायला घालायचं. आपल्या भिंतीवरच्या कॅलेंडरात हे काही छापलेलं नसतं. यंदा उपास कधी ते नथानियलने फोनवर सांगितलं, तेव्हा तारीख त्याच दिवशी आहे हे काकांच्या लक्षात आलं. त्यांच्या तेव्हाच्या वकिलांनी "मी बघतो, तुम्ही बिनघोर उपास करा" म्हणून सांगितलं, आणि त्या दिवशी ते माणगावच्या कोर्टात अडकून पडले. इकडे रोह्याच्या कोर्टात काकांच्या नावाचा पुकारा झाला. आत काकांच्या बाजूचं कुणी नव्हतं, फक्त रमेश आणि त्याचा वकील. रमेश सुटला.

अपिलासाठी आजारपणाचा दाखला आणा, असं त्या वकिलांनी सुचवलं. काकांनी कागद उचलले आणि माझ्याकडे आले.

"माफी मागायच्या दिवसाबद्दल खोटं कसं लिहू गो?" ते म्हणाले. "पैसं ऱ्हाऊ दे. पण बाजारात लोक म्हणतात, म्हाताऱ्यानं खोटी केस केली. हन्नाच्या बांगड्या खोट्या होत्या काय?"

अलिबागला सेशन कोर्टात अपील करता येईल, मी म्हटलं, पण हा दिवस तुम्ही असा पाळता हे शपथेवर सांगणारं कुणीतरी असलं तर बरं.

"रोह्यात कोण उरलंय? एक रमेशला ठाऊक हाय."

मी कपाळावर हात मारला. "काका, आरोपीलाच साक्षीदार करायचा?"

"लहानपणी आमच्या पायरीवर बसून तोच पोरांना दटावायचा, आज दार वाजवू नका म्हणून. मी इचारून तर बघतो."

त्यांना एकटं सोडायचा धीर होईना, म्हणून रामवाडीत मीही गेले.

रमेश टेम्पो धूत होता. काकांना बघून त्याने हातातला पाइप टाकला आणि खुर्ची आणली. काकांनी एकच विचारलं, "तुला ठाऊक होतं ना रे, त्या दिवशी मी घरात हाय?"

तो नाही म्हणणार, असं मी धरून चालले होते.

"व्हय," रमेश म्हणाला. "तुमचं नाव पुकारलं तेव्हा माझ्या तोंडापर्यंत आलं होतं, जजला सांगावं, 'साहेब, आज ते दार उघडायचे नाय.' पण वकिलानं हात दाबला." तो खाली बघत राहिला. "लिवून नाय देणार, काका. आत जाईन मी. पोरं लहान हायत."

मी चिडून काहीतरी बोलणार होते, पण तोच पुढे म्हणाला, "दुसऱ्या दिवशी सकाळी आलो होतो रोह्याला. तुमचं दार उघडं होतं. माझं ताट नेहमीच्या जागी मांडलेलं बघितलं, पुऱ्या वाढलेल्या. मला वाटलं, काकांना निकाल कळला नाय अजून. पायरीवरनंच मागं फिरलो."

काकांच्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं. त्यांनी ते पुसलंही नाही.

"फोन कुठं बंद होता रे तवा? पहाटेच वकिलानं सांगितलं मला. निकाल कळल्यावर मांडलं ते ताट," ते म्हणाले. "तू जेवला असतास तर अपिलाचं नावसुद्धा काढणार नव्हतो मी. दुपारपावेतो वाट बघितली तुझी."

उठताना काकांनी रमेशच्या खांद्यावर हात ठेवला, तो आधारासाठी की मायेने, मला कळलं नाही.

मी एसटीने त्यांना रोह्यापर्यंत सोडायला गेले. उतरताना ते म्हणाले, "खरं कारण लिव आणि लाव अपील. साक्षीदार नाय कोण, असंही लिव."

मी तसंच लिहिलं.