चौथी ओळ

रचनाने फोन डोक्याच्या वर धरला, तेव्हा कुठे केशोरी गावच्या त्या धुऱ्यावर, शेताच्या बांधावर, नेटवर्कची एक काडी उमटली. पाठोपाठ निरोप आला: नोकरीच्या संकेतस्थळावर पुण्याच्या कुणा गृहस्थांनी तिच्या ‘सर्जनशील लेखना’ची शिफारस केली होती.

शिफारस करणारे हे एकविसावे. तिचं लेखन वाचलेले शून्य. नागपूरच्या बियाणे प्रयोगशाळेत शंभर दाणे रुजत घातल्याखेरीज ती उगवणीचा आकडा लिहीत नसे. या गृहस्थांच्या ‘नेतृत्वगुणां’ची ग्वाही मात्र तिनेही त्यांना न भेटताच दिली होती.

मुलांच्या एका विज्ञान मासिकाला संपादक हवा होता आणि तिला ती नोकरी मनापासून हवी होती. मासिकाने शिफारशी मागितल्या नव्हत्या. त्यांना हवं होतं स्वतः रचलेलं काहीतरी, चार ओळीही चालतील, आज पाचपर्यंत. पंधरा दिवस ती कोरं पान उघडून मिटत होती.

समोरच्या बांधीत, भाताच्या चिखलशेतात, बाया रोपांची रोवणी करत मागे सरकत होत्या. वच्छलामावशीने गाणं उचललं:

“बगळा उभा एका पायावर,
दुसरा पाय कुठी ठेवला?
चिखलाले पुसलं, चिखल हासला...”

पुढे बाया नुसत्याच गुणगुणल्या.

रचनाचा हात खाली आला. काडी गेली. हे गाणं तिचं होतं. चौदाव्या वर्षी, याच बांधीत, आईशेजारी रोवताना जुळवलेलं. बगळ्याच्या पायाचा पत्ता सांगणारी चौथी ओळ काही केल्या आठवेना.

“मावशी, चौथी ओळ काऊन नाही म्हणत?”

“ते तूच म्हणत होती न बाई. तू नागपूरले गेली, तवापासून आमी हुं हुं करून राहिलो.”

“मले नाही आठवत.”

“घ्या! गाणेवालीच इसरली,” अल्का वाकल्या वाकल्याच हसली.

मावशी हसली नाही. “धुऱ्यावर उभी राहून कशी आठवन? इकडं ये. वाक.”

पावणेपाच झाले होते. रचनाने चपला धुऱ्यावर काढून फोन त्यांत ठेवला, सलवार गुडघ्यापर्यंत खोचली आणि रोपांची पेंडी घेऊन रांगेत शिरली. बोटं चिखलात गेली. गाणं फिरून आलं. चौथ्या ओळीपाशी कुणाचेच हात थांबले नाहीत. आवाज तेवढे खाली उतरले, कुणाला वाट द्यावी तसे.

रचनाने ओठ उघडले, आणि त्यांच्याबरोबर गुणगुणली.

धुऱ्यावर पाचचा गजर वाजू लागला.

“बंद कर न ते,” अल्का म्हणाली.

रचनाने पुढचं रोप खोचलं. गाणं पुन्हा बगळ्यापाशी आलं होतं.