आधी त्याची टपरी

सरकारी पाण्याच्या टाकीला टेकून सायकलवाल्याची आणि किल्लीवाल्याची टपरी होती. दोघे सख्खे भाऊ. बापाने टपरी एकच उभारली होती. तो गेल्यावर पोरांनी मध्ये फळी ठोकली आणि त्या दिवसापासून दोघांनाही आपापली बाजू अरुंद वाटू लागली.

जागा सरकारची, हे सगळ्या गल्लीला ठाऊक होतं. पालिकेचा साहेब अधूनमधून यायचा. थोरला, म्हणजे सायकलवाला, सांगायचा की बापाच्या काळापासून बसतोय. धाकटा मान डोलवायचा. इतका जुना ताबा उठवायचा म्हणजे किचकट काम. साहेब नोटीस चिकटवून निघून जायचा.

मग धाकट्याने किल्ल्या कापायचं नवं यंत्र आणलं आणि ते बसावं म्हणून फळी वीतभर सरकवली. वीतभरच, पण थोरल्याला टायर टांगायला जागा उरली नाही. शिवीगाळ झाली, जावाजावांचं बोलणं तुटलं आणि थोरला कोर्टाची पायरी चढला.

वकील मोठा हुशार. बापाची जागा म्हणालात तर धाकट्याचाही वाटा निघेल, हे त्याने पहिल्याच भेटीत समजावलं. थोरल्याला ते पटलं. धाकट्याने जो वकील केला, त्यालाही नेमकं हेच सुचलं. असल्या हुशारीला कुठे तोटा नसतो.

साक्षीच्या दिवशी थोरला पिंजऱ्यात उभा राहिला.

"वडील तिथे बसायचे का?" वकिलाने विचारलं.

"कधीच नाही," थोरला म्हणाला. "सरकारी जागा आहे. मी एकटा बसायचो, हा अलीकडे घुसला."

धाकट्यानेही शपथेवर तेच सांगितलं, फक्त घुसणारा बदलला. ज्याच्या हाताखाली दोघे धंदा शिकले, तो बाप एकदा मेलाच होता. पोरांनी त्याला कोर्टात पुन्हा मारला. मागच्या बाकावर पालिकेचा साहेब बसला होता. त्याने दोन्ही जबान्यांच्या नकला मागवल्या. सुंठेवाचून खोकला गेला होता.

निकाल लागला: जागा सरकारची, जुना ताबा कुणाचाच नाही, दोघांनी उठावं. थोरल्याच्या बायकोने कपाळावर हात मारला. पोटाला काय घालायचं, एवढंच तिने विचारलं.

पाडायला माणसं आली तेव्हा धाकटा यंत्र पोत्यात गुंडाळून रस्त्याच्या कडेला बसला होता. थोरला साहेबाकडे गेला. आता तो गयावया करणार, असं गल्लीला वाटलं.

"साहेब, आधी त्याची पाडा," तो म्हणाला. "मला बघू दे."

साहेबाला काय, दोन्ही पाडायच्याच होत्या. पहिला घाव किल्लीवाल्याच्या बाजूला बसला. पत्रा खाली आला, किल्ल्या रस्त्यावर विखुरल्या. धाकट्याने त्या उचलल्या नाहीत. तो भावाकडे बघत होता.

"दादा, झालं समाधान?"

"झालं," थोरला म्हणाला.

आणि खरंच झालं होतं. आयुष्यभराची भाकरी हातची गेली होती, आपली टपरी अजून पडायची होती, तरी छातीत गार वाटत होतं. आपण इतके नीच कधी झालो, हे त्याला कळेना. मग माणसं त्याच्या बाजूला वळली, आणि धाकटा नीट दिसावं म्हणून उठून उभा राहिला.