एका मिनिटाचा रस्ता

प्रेमानंद खोब्रागडे यांनी तीस वर्षं स्टील प्लांटमध्ये क्रेन चालवली. वितळलेल्या पोलादाचं भांडं डचमळू न देता नेणारा तो हात. त्या हाताला निवृत्तीनंतर काम मिळालं ते नातीमुळे.

पायल सिनेमा शिकत होती. सरांकडून तिनं हाताने फिरवायचा जुना कॅमेरा आणला होता. शंभर वर्षांपूर्वी लोक रस्त्यावरचं रोजचं जगणं टिपायचे, तसाच मूकपट तिला प्लांटच्या वसाहतीतल्या सेक्टर ६ च्या बाजारात करायचा होता. कॅमेरा एका जागी, फिल्म जेमतेम एका मिनिटाची. हँडलचे सेकंदाला दोन फेरे, ना कमी ना जास्त. पण सरावात उत्साहाच्या भरात पायलचा हात पळायचाच.

"सरक, मले दे," तिचे आबाजी, प्रेमानंद, म्हणाले.

चित्रीकरणाच्या दिवशी दुपारी दोनला प्लांटची पाळी सुटली आणि सायकलींचा लोंढा रस्त्यावर आला. "आबाजी, चालू!" पायल ओरडली. त्यांनी हँडलवर नजर रोवली. एक-दोन, एक-दोन. हात एका लयीत फिरत होता.

इतक्यात प्लांटमधला जुना सोबती देवीदास कॅमेऱ्यासमोरच सायकल थांबवून उभा राहिला.

"काय करून राहिला बे, प्रेमानंद?"

उत्तर दिलं की मोजणी चुकणार! प्रेमानंद ओठ घट्ट मिटून फिरवतच राहिले. मागे घंट्यांचा कल्लोळ उठला. "काका, हटो ना!" पायल किंचाळली. काहीतरी खणखणत गेलं, लोक हसले, आणि फिल्म संपली.

"बिघडली का वं?" घाम पुसत त्यांनी विचारलं.

"पता नहीं, आबाजी. धुतल्यावर कळंल."

आठ दिवसांनी कोहका वस्तीतल्या त्यांच्या घरी, भिंतीवरच्या चादरीवर ती फिल्म उजळली. शेजारपाजार जमला होता, देवीदासही होता. चादरीवर त्याचं भलंमोठं तोंड आलं, मग तो दचकून वळला, आणि सायकलच्या हँडलला अडकवलेला त्याचा जेवणाचा डबा निसटून चाकासारखा रस्ताभर पळत सुटला. मागे देवीदास. भाजीवाली धावली, दोन सायकली आडव्या झाल्या, शेवटी स्कूटरवरच्या एका बाईनं पाय पुढे करून डबा अडवला आणि पोट धरून हसली.

खोली हशानं दणाणली. "माहा डबा पाहा, माहा डबा!" देवीदास शेजाऱ्यांना हलवून सांगत होता.

प्रेमानंदांनी हे काहीच पाहिलं नव्हतं. त्या मिनिटात त्यांना फक्त हँडल दिसलं होतं. ते चादरीजवळ जाऊन उभे राहिले, डोळे चमकत होते.

"पायल, फिरून लाव. अन् दुसरी फिल्म कधी आणतं? दुर्गच्या स्टेशनावर जाऊ!"