टीझलच्या मोज्यांची पट्टी

कोल्डवेलपासून समुद्र कुठल्याही बाजूने पन्नास मैलांवर. गावातल्या निम्म्या लोकांनी तो लोकरीच्या गिरणीच्या वार्षिक सुट्टीत पाहिला होता, उरलेल्या निम्म्यांनी चित्रात. तरी बेचाळीसच्या फेब्रुवारीत या गावाने एक युद्धनौका दत्तक घेतली. टाऊन हॉलसमोर माणसापेक्षा उंच लाकडी थर्मामीटर उभा केला होता. लोकांनी युद्धासाठीची बचतपत्रं घेऊन घेऊन आठवडाभरात त्याचा तांबडा रंग पार टोकाला नेला आणि नौदलाने 'टीझल' नावाचं एक जहाज गावाच्या पदरात टाकलं. शेजारच्या गावाला चांगली दणदणीत विनाशिका मिळाली होती. तिथले लोक बाजारात भेटले की विचारत, "काय, तुमची होडी कशी आहे?" पण आपलं ते आपलं. टीझलवरची नव्वद पोरं त्या दिवसापासून कोल्डवेलची पोरं झाली, आणि पोरं थंडीत कुडकुडत असतील तर त्यांना मोजे नकोत का?

दर गुरुवारी दुपारी चॅपलच्या हॉलमध्ये सतरा बायका विणायला बसत. त्यांची प्रमुख हेट्टी अकरॉइड. तिला कुणी निवडलं नव्हतं; जिला दुसरीचं काम बघून ओठ मुडपता येतात ती बाई आपोआपच प्रमुख होते. युद्धामुळे कपडे आणि लोकर मोजक्या कूपनांवरच मिळत, पण नौदलासाठी विणायची लोकर कूपनाशिवाय मिळे. हेट्टी ती वजन करून वाटायची आणि उरलेला हातभर धागासुद्धा परत मागून बिस्किटांच्या डब्यात टाकायची. "हा आपल्या बापाचा माल नाही, बायांनो," असं ती दर गुरुवारी म्हणे. ते खरंच होतं.

हे मोजे साधे नव्हते. खलाशांच्या रबरी बुटांत घालायचे, लांबच लांब, बुटाच्या काठावरून वर काढून दुमडायचे. लोकर जाड, सायीच्या रंगाची, मेंढीच्या अंगचं तेल तसंच राखलेली. कुणाची वीण घट्ट, कुणाची सैल, म्हणून टाके मोजण्यापेक्षा पायाची लांबी एका लाकडी पट्टीने मोजायची असं ठरलं होतं. ती पट्टी झिल्ला हॉयलच्या हातात असे.

झिल्ला सत्तरीला आलेली, बिनलग्नाची. अठ्ठेचाळीस वर्षं तिने गिरणीत कापडातले दोष शोधून रफू केलं होतं. तिने केलेलं रफू कुठे आहे ते मालकालाही सापडत नसे. हेट्टी तेराव्या वर्षी गिरणीत लागली तेव्हा सुई कशी धरायची तेही झिल्लानेच शिकवलं होतं. आता डोळे अधू झाले होते, पण बोटं शाबूत होती. ती प्रत्येक मोजा पट्टीला लावून अंगठ्याने टोक चाचपायची आणि म्हणायची, "चालेल." तिने 'चालेल' म्हटल्याशिवाय मोजा पेटीत पडत नसे. एकट्या बाईला आठवड्यातून एकदाच चार माणसं भेटायची, ती गुरुवारी. आणि त्या एका शब्दापुरती ती पुन्हा गिरणीतली मिस हॉयल व्हायची.

त्या पट्टीचे दोन इंच हेट्टीने कापले होते.

तिचा नवरा वॉल्टर रेल्वेच्या सिग्नल केबिनमध्ये होता. आदल्या हिवाळ्यात त्याला न्यूमोनिया झाला आणि तीन आठवडे तो अंथरुणाला खिळला. जुन्या स्वेटरच्या कोपरांची चाळण झालेली, वर्षाची कूपनं बुटांत आणि ओव्हरकोटात संपलेली. केबिनच्या खिडक्यांमधून वारा कसा येतो ते हेट्टीला माहीत होतं, कारण डबा घेऊन तीच जायची. एप्रिलमध्ये पट्टी पुसून आणते म्हणून ती घरी घेऊन आली, परसात करवत चालवली, कापलेलं टोक काचकागदाने घासून चहाच्या चोथ्याने जुनं केलं. मोज्याला दोन इंच, जोडीला चार. एवढ्याने कुणाचे पाय उघडे पडणार आहेत? असं तिने स्वतःला विचारलं आणि उत्तरही स्वतःच देऊन टाकलं. थेंबे थेंबे तळे साचे म्हणतात तसा बिस्किटांचा डबा भरत गेला. चाळीस जोड्या झाल्या तेव्हा एका स्वेटरची लोकर जमली होती. तिने ती कांद्याच्या सालींत उकळून तपकिरी केली. वॉल्टरला सांगितलं, लीड्सच्या बहिणीने जुना स्वेटर दिला होता तो उसवला. कुंपणानेच शेत खाल्लं आणि शेताला पत्ताही नव्हता.

नोव्हेंबरात टीझल दुरुस्तीला बंदरात लागली आणि तिच्यावरचे सहा खलाशी दत्तक गावाला भेटायला आले. जहाजाचं लाकडी मानचिन्ह महापौरांच्या हातात दिलं, भाषणं झाली, आणि मग चॅपलच्या हॉलमध्ये चहा. बायकांनी महिनाभर साखर वाचवून पार्किन, म्हणजे आल्याचा केक, केला होता. वॉल्टर पाळी संपवून थेट तिथेच आला, कोट काढून खलाशांच्या बाकावर बसला. शेजारी पॅस्को नावाचा कॉर्नवॉलचा एक हसरा, लालबुंद खलाशी होता.

"काका, स्वेटर झकास आहे हं," पॅस्को म्हणाला.

"बायकोने विणलाय," वॉल्टर म्हणाला आणि छाती जरा पुढे काढून बसला. हेट्टी किटली घेऊन पाठीमागेच उभी होती. तिने उगाचच एका भरलेल्या कपात पुन्हा चहा ओतला.

"बरं, एक विचारू का?" पॅस्कोने बायकांकडे बघून आवाज चढवला. "रागावणार नाही ना? कोल्डवेलच्या माणसांचे पाय आखूड असतात का हो?"

"का रे मेल्या?" बेसी क्लेग म्हणाली. बेसीला खाटकाचं दुकान होतं आणि तोंडही दुकानाला शोभेल असंच होतं.

"आमच्याकडे म्हणच पडलीय. ऊब हवी तर कोल्डवेलचे मोजे घाल, पण चालू नकोस! दहा पावलांत बुटात उतरून बसतात. मग बुटाचा काठ आणि पोटरी यांची जुंपते, वरून खारं पाणी." त्याने हसत हसत विजारीचा पाय वर केला. पोटरीभोवती कड्यासारखा लाल, सोललेला पट्टा होता. मधेच ओला, मधेच खपली धरलेला. "हे बघा, तुमच्या गावाचं पदक. सगळ्यांना मिळालंय."

पोरगा खरंच गंमत करत होता. पण हॉलमधलं हसू विझलं. सतरा बायकांनी त्या पोटरीकडे बघितलं आणि मग एकमेकींकडे. लोकरीवर जगणाऱ्या गावाने लोकरीच्या कामात माती खाल्ली होती, तीही स्वतःच्या पोरांच्या पायावर.

"लांबी कोण बघतं आपल्यात?" बेसी म्हणाली, जसं काही तिला माहीतच नव्हतं.

"मी पट्टीला लावल्याशिवाय एकही मोजा सोडला नाही," झिल्ला म्हणाली. तिचा आवाज बारीक झाला होता. "एकही नाही. हेट्टी, सांग ना."

सगळ्यांनी हेट्टीकडे बघितलं. त्या क्षणी सांगता आलं असतं. एवढंच म्हणायचं होतं, पट्टी मी कापली. पण समोर वॉल्टर बसला होता, अंगात तो स्वेटर होता, आणि हेट्टीच्या कानांवर तिचाच आवाज आला, गोड आणि समजूतदार.

"झिल्लाला हल्ली दिसत नाही नीटसं. तिला बोलू नका. चूक माझीच, मी लक्ष द्यायला हवं होतं."

"खरंय बाई," बेसी म्हणाली, "आता हिने मापं घेतली तर आपल्या शवपेट्यांतून पाय बाहेर राहायचे!"

हॉल हसला. लाजेतून सुटका झाल्यावर माणसं जशी जरा जास्तच हसतात तसा हसला. पॅस्को एकटा गडबडून म्हणत राहिला, "नाही हो आजी, मी आपली मस्करी केली." चोर सोडून संन्याशाला फाशी द्यावी आणि वर चोराच्या मनाच्या मोठेपणाचं कौतुक व्हावं, असं ते झालं. एकदोघींनी हेट्टीच्या खांद्यावर हातही ठेवला.

झिल्ला उठली. टोपी घातली, पिशवीतून पट्टी काढली. हेट्टीला देण्याआधी तिने ती सवयीने अंगठ्याखालून शेवटपर्यंत नेली आणि टोकाशी अंगठा थांबला. मग बाक ओलांडताना तोल जाऊ नये म्हणून तिने वॉल्टरच्या दंडावर हात टेकला. बोटांनी बाही एकदा, फक्त एकदाच चोळली.

"बाह्या छान बसल्यात, वॉल्टर," ती म्हणाली आणि निघून गेली.

पुढचे दोन दिवस हेट्टीचं कशातच लक्ष लागलं नाही. जेवायला बसली की ती पोटरी दिसे, आणि पोटरी डोळ्यांआड केली तर तो थांबलेला अंगठा. शनिवारी सकाळी तिने खुंटीवरचा स्वेटर काढून हातात घेतला आणि वॉल्टरला सगळं सांगितलं. त्याने ऐकून घेतलं. ओरडला असता तर बरं झालं असतं.

"म्हणजे मी ते घालून त्या पोराच्या मांडीला मांडी लावून बसलो होतो," तो शेवटी म्हणाला. "आणि वर बायकोने विणलं म्हणून मिरवलं."

"तुझ्या छातीसाठीच केलं रे."

"माहीत आहे. म्हणून तर बोलता येत नाही मला काही." त्याने फाटक्या कोपरांचा जुना स्वेटर चढवला आणि कामावर गेला.

हेट्टी स्वेटर पदराखाली लपवावा तसा कोटाखाली धरून झिल्लाकडे गेली. झिल्लाने दार उघडलं, आत घेतलं, पण चहाचं विचारलं नाही. कोल्डवेलमध्ये भांडायला आलेल्यालाही आधी चहा विचारतात.

"एप्रिलमध्येच पट्टी हाताला हलकी लागली होती," हेट्टीने तोंड उघडण्याआधीच झिल्ला म्हणाली. "पण वाटलं, म्हातारी झालीस झिल्ला, आता बोटंही गेली. माझ्या बोटांवर संशय घेतला मी. तुझ्यावर नाही घेतला."

"माझं चुकलं. मला माफ करा. मी कोणत्या तोंडाने सांगू..."

"त्या दिवशी लगेच सांगता आलं असतं मला. स्वेटरची बाही धरून चार शब्द बोलले असते की झालं होतं. पण म्हटलं, पोरीला सुई धरायला मी शिकवलंय, ती स्वतः बोलेल."

"म्हणून तर आले मी."

"कुठे आलीस?" झिल्लाने तिच्याकडे पाहिलं, नीट दिसत नसतानाही पाहिलं. "माझं हसं झालं ते भरल्या हॉलमध्ये. आणि माफी मागायला तू आलीस माझ्या स्वयंपाकघरात, दार लावून. हे कुठलं माप गं, हेट्टी? हेही दोन इंच कमीच."

हेट्टीला जमीन पोटात घेईल तर बरं असं झालं. जमीन कुणालाच घेत नाही. ती स्वेटर घेऊन घरी परतली.

गुरुवारी हॉलमध्ये सोळाजणी होत्या. झिल्लाची खुर्ची भिंतीशी तशीच होती, कुणी तिच्यावर पिशव्या ठेवल्या होत्या. हेट्टी घरून पाठ करून आणलेलं बोलणं पहिल्याच वाक्यात विसरली. तिने पट्टी टेबलावर ठेवली, शेजारी स्वेटर ठेवला, आणि म्हणाली, "मोजे झिल्लामुळे आखूड झाले नाहीत. पट्टी मी कापली. ती लोकर ही."

जवळच्या बाईने स्वेटर उचलला, कड बोटांत धरून चोळली, नाकाशी नेली. कांद्याच्या रंगाखाली मेंढीचं तेल होतंच. तिने तो शेजारणीला दिला. असा स्वेटर हातोहात फिरत गेला, आणि लहानपणापासून लोकर हाताळत आलेल्या प्रत्येक बाईने तो ओळखला. त्या फेरीला मिनिटभर लागलं असेल. हेट्टीला पन्नास वर्षांत एवढं लांब मिनिट आठवत नव्हतं. आपण काय बोलतो यापेक्षा आपण काय केलं हे अशा रीतीने हातांतून फिरताना बघणं फार वाईट असतं.

शेवटी स्वेटर बेसीकडे आला. बेसीने तो मांडीवर घडी करून ठेवला. तिचं तोंड पहिल्यांदाच बंद होतं. मग ती उठली आणि टोपी घालायला लागली.

"कुठे निघालीस?" कुणीतरी विचारलं.

"झिल्लाला आणायला. सगळ्यात मोठ्याने मी हसले होते." दारात वळून ती हेट्टीला म्हणाली, "आणि तू बसू नकोस. उभी राहा तशीच."

हेट्टी उभी राहिली. एकीने खुर्चीवरच्या पिशव्या उचलून खाली ठेवल्या. बाकी कुणी सुया हातात घेतल्या नाहीत. खिडकीबाहेर गिरणीचा भोंगा झाला, पाळी बदलली, माणसं बोलत गेली. वीस मिनिटांनी दार उघडलं. बेसीच्या दंडाला धरून झिल्ला आत आली, हळूहळू आपल्या खुर्चीशी गेली, हाताने चाचपून बसली.

"ही म्हणते तू बोललीस," झिल्ला म्हणाली. "पण मी इथे नव्हते."

हेट्टीने मान हलवली. मग आठवलं, झिल्लाला एवढ्या लांबून मान हलवलेली दिसणार नाही.

"हो," ती म्हणाली. "तुम्ही नव्हतात." आणि तिने सगळं पुन्हा पहिल्यापासून सांगायला सुरुवात केली, करवत परसात कुठे टांगलेली होती तिथपासून.