उलट्या केसांचे उंदीर

आमच्या उंदरांसारखं खानदान अख्ख्या पिंपरीत दुसऱ्या कुणाचं नव्हतं, हे मी आजही छातीठोकपणे सांगते. हसा खुशाल! औषधांचा कारखाना तेव्हा नवा होता, भिंतींना अजून रंगाचा वास यायचा. मागच्या बाजूला, बाभळींना लागून, एका बैठ्या खोलीत आमचं उंदीरघर. नवरा गेल्यावर मी कुरुळी गाव सोडून तिथं कामाला लागले. पहिल्या दिवशी नाकाला पदर लावला होता. पुढं पुढं तर कुणी त्या उंदरांना नावं ठेवली, की मी भांडायला उठायची.

माझा नवरा बबनराव घशातल्या गाठीनं गेला. रोज बैलाला भारी पडणारा गडी, सहा महिन्यांत सुकून खाटेवर पडला. सासूबाई, म्हणजे अंबूबाई, दिवस घातल्यावर सुद्धा एकच बोलत राहिल्या, "माझ्या लेकानं झुंज दिलीच न्हाई गं. गप हात टेकलं." ते वाक्य माझ्या काळजात रुतून बसलं होतं.

म्हणून कुसुमताईंचं काम मला लगेच कळलं. कुसुमताई म्हणजे आमच्या डॉक्टरीणबाई. वयानं माझ्याहून लहान, बोलणं तुटक, पण उंदराला हातात धरायच्या ते लेकरासारखं. त्यांचा प्रश्न एवढाच होता की कॅन्सरची गाठ अंगाला परकी म्हणून ओळखू येते, का आपलंच मांस समजून अंग तिला पोसत बसतं? परदेशात कुणीतरी नुकतंच लिहिलं होतं की गाठीच्या अंगी स्वतःची अशी एक खूण असते. तिला अँटिजेन म्हणतात. ती खूण पटली तर अंग गाठीवर उठतं. ताईंना ते आपल्या डोळ्यांनी, आपल्या उंदरांवर पाहायचं होतं.

त्यासाठी उंदीर एकाच रक्ताचे लागतात. पिढ्यान्‌पिढ्या सख्खा भाऊ आणि सख्खी बहीण जोडीला ठेवायची, बाहेरचं रक्त शिरू द्यायचं नाही. मग सगळे आतून अगदी एकसारखे होतात. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मी कानांवर हात ठेवले होते. ताई म्हणाल्या, "मंजुळाबाई, नातीगोती माणसांची. हे एकसारखे राहिले तरच खरं उत्तर देतील." मग मी ते घराणं असं राखलं, की राजवाड्यात सुद्धा एवढा पहारा नसेल.

ताईंनी एका उंदराच्या मांडीत कॅन्सर करणारं रसायन टोचून गाठ आणली. त्या उंदराला आम्ही आजोबा म्हणायचो. आजोबांची गाठ काढून तिचे तुकडे त्यांच्याच घराण्यातल्या दुसऱ्या उंदरांना लावले. गाठ वाढली. जीव घेण्याआधी ताईंनी ती कापून काढली, उंदीर बरे झाले. मग तीच गाठ त्यांना पुन्हा लावली, तर धरेना! त्याच दिवशी पूर्वी गाठ न लावलेल्या कोऱ्या भावंडांना लावली, तिथं मात्र फोफावली. म्हणजे एकदा भेटलेली गाठ अंगानं ओळखली होती. ताई त्या दिवशी चहा प्यायला विसरल्या. मी दोन्ही कप प्याले.

आमचे मोठे साहेब उद्धवराव. माणूस सरळ, पण प्रश्न असा विचारायचे की अंगावर काटा यावा. ते म्हणाले, "उंदरांत परकं रक्त मिसळलेलं असेल, तर त्यांनी ओळखलं ते परकेपण. कॅन्सरला नाही ओळखलं."

"साहेब, मी राखलेत हे उंदीर," मी मध्येच बोलले. "परकं रक्त कुठनं येईल?"

"तुमच्या शब्दावर माझा विश्वास आहे, मंजुळाबाई. पण कागदावर शब्द चालत नाही. आजोबांचं कातडं या उंदरांच्या पाठीवर लावा. टिकलं, तर रक्त एक. गळलं, तर हे काम थांबवायचं आणि खोली दुसऱ्या कामाला द्यायची."

खोली जाणार म्हणजे घराणं जाणार. आणि बबनरावांच्या अंगानं त्या गाठीला ओळखलं होतं का, हे मला जन्मात कळणार नव्हतं.

आजोबांना निरोप दिला. त्यांच्या कातडीचे नखाएवढे तुकडे ताईंनी गाठ नाकारणाऱ्या उंदरांच्या पाठीवर बसवले, आणि ते मुद्दाम उलटे फिरवून. कातडं जगलं तर त्यावरचे केस शेपटीकडं न जाता डोक्याकडं वाढतील, म्हणजे लावलेलं कुठलं आणि मूळचं कुठलं ते झटकन कळेल. वरून पट्ट्या बांधल्या. पट्ट्या काढल्यावरही केस उगवेपर्यंत थांबायचं होतं.

पट्ट्या निघायच्या आदल्या दिवशी पिंजरे धुणारा भैरूदादा माझ्यासमोर येऊन उभा राहिला. टोपी हातात.

"बाई, माझ्याकडनं चूक झाली."

"कसली?"

"गेल्या लगीनसराईत माझ्या रंभाचं लगीन व्हतं. घरात बाया हळद दळत व्हत्या, अन्‌ हितं तुमी मला सांगितलं, भावाभनीची जोडी लाव. माझा हातच फुडं जाईना. लेकीच्या लग्नात असलं पाप कसं करू? मग दारापाशच्या पिंजऱ्यात शेजारच्या खोलीतला परका नर सोडला. एकदाच. देवाशप्पत, एकदाच."

शेजारच्या खोलीतले उंदीर औषधं तपासायला कुठून कुठून आणलेले. पण रंगानं आमच्यासारखे पांढरेच. मला काय कळणार? त्या जोडीच्या पोरांची मी पुढं जोडी लावली, आणि त्यांच्या पिल्लांतलेच दोघं ताईंच्या प्रयोगात होते. त्यांनीच तर गाठ सगळ्यांत आधी नाकारली होती. ताई त्यांचं कौतुक करत होत्या!

रागावले की माझी कुरुळी बाहेर पडते. "आरं मुडद्या, तुला दुसरा पिंजरा घावला न्हाई? माझ्या घराण्याला काळिमा लावलास!" मी असं बरंच काही बोलले. तो ऐकून घेत राहिला, आणि शेवटी म्हणाला, "रंभा सुखात हाय, बाई." मी कपाळावर हात मारला.

मी तशीच ताईंकडं गेले. त्यांचा चेहरा पडला. "ते दोघं आपले सगळ्यात चांगले उंदीर होते," त्या म्हणाल्या. मग पिंजऱ्यांपाशी गेल्या आणि एकदम वळल्या. "पट्ट्या अजून सुटलेल्या नाहीत. आत काय आहे ते कुणालाच माहीत नाही. आपण आताच साहेबांना सांगायचं."

"मी सांगते," मी म्हटलं. "घराणं माझं आहे."

दुसऱ्या दिवशी उद्धवराव टेबलाशी उभे राहिले. मी पदर खोचला आणि म्हणाले, "साहेब, आधीच सांगून ठेवते. दारापाशच्या पिंजऱ्यातल्या या दोघांत परकं रक्त शिरलंय. चूक आमच्या उंदीरघरातली. यांचं कातडं गळणार. बाकीच्या एकाचंही गळलं, तर खोलीची किल्ली मीच तुमच्या हातात देईन."

साहेबांनी ताईंकडं पाहिलं. ताईंनी मान हलवली. पट्ट्या सुटल्या. त्या दोघांच्या पाठीवरचे तुकडे काळे पडून वाळले होते, चिमटा लावताच निघून आले. बाकीच्यांच्या पाठीवर गुलाबी, जिवंत. साहेबांनी वाकून एकेक पाठ पाहिली. "केस येऊ द्या," एवढंच म्हणून गेले.

ते दिवस कसे काढले, माझं मला ठाऊक. भैरूदादा रोज सकाळी माझ्या आधी येऊन पिंजऱ्यात डोकावायचा. आणि मग एक दिवस त्यानंच मला ओरडून बोलावलं. पाठीवर पांढरी लव उगवली होती, डोक्याच्या दिशेनं. एका नाही, सगळ्यांच्या!

उद्धवराव आले. त्यांनी स्वतःच्या बोटानं ते उलटे केस कुरवाळले, पुन्हा पुन्हा. "कातडं आपलं म्हणून ठेवलं, आणि त्याच अंगातली गाठ मात्र नाकारली," ते म्हणाले. "आता मला मान्य आहे. आणि त्या दोघांमुळं तर जास्तच. परकं असतं तेव्हा गळतं, हेही दिसलं. खोली तुमची." मग माझ्याकडं वळून त्यांनी हात जोडले. मोठ्या साहेबांनी, मला! भैरूदादाच्या डोळ्यांत पाणी. मी त्याला कोपरानं ढोसलं.

साहेब गेल्यावर मी ताईंना विचारलं, "बबनरावांच्या अंगानं ओळखली असेल का हो ती गाठ?"

"उंदरांचं सांगता येतं, मंजुळाबाई. माणसांचं अजून नाही." मग म्हणाल्या, "ओळखली असेलही. पण गाठ फार पुढं गेली, की ओळखून सुद्धा अंग कमी पडतं."

ताईंना पुरावा लागतो. मला तेवढं पुरलं.

त्या रविवारी मी कुरुळीला गेले. सासूबाई अंगणात मिरच्या वाळत घालत होत्या. त्यांच्यापाशी बसून मी सगळं सांगितलं, आजोबा, पट्ट्या, उलटे केस, सगळं. त्यातलं त्यांना किती कळलं देव जाणे. शेवटी म्हटलं, "आत्या, तुमच्या लेकानं हात टेकले नव्हते. त्याचं अंग आतनं भांडत असणार. वैरी मोठा होता, एवढंच."

म्हातारीचे हात थांबले. तिनं डोळे पुसले, मिरचीच्याच हातानं, आणि चुरचुरत असताना मान ताठ करून म्हणाली, "भांडणारच की. पोर कुणाचं व्हतं?"